पडद्यावरील खेळ, त्यांवरील पुस्तके आणि आपला वर्ग

(तालुक्याच्या प्राथमिक शिक्षक परिषदेत झालेल्या भाषणाचा मजकूर. वक्ते सेवानिवृत्त मुख्याध्यापक आहेत.)



कार्यक्रमपत्रिकेवर माझ्या भाषणाचा विषय वाचून आपल्यापैकी काहींना हसू आले असेल. साठी उलटलेल्या शिक्षकाने व्हिडिओ गेमवरील पुस्तकांविषयी बोलावे हे मलाही प्रथम विचित्रच वाटले होते. आपल्या पिढीने या खेळांकडे शत्रू म्हणून पाहिले. मूल अभ्यास करीत नाही, डोळे लाल झाले आहेत, रात्री जागते, या सर्व तक्रारींचे कारण विचारले म्हणजे पालक मोबाइलकडे बोट दाखवितात, आणि त्यांचे म्हणणे पुष्कळदा खरे असते. त्या खऱ्या भागाकडे मी पुढे येणारच आहे. परंतु या खेळांविषयी जाणत्या माणसांनी गंभीरपणे लिहिलेली पुस्तके आहेत, आणि त्यांतील काही आपल्या धंद्याविषयी, म्हणजे शिकविण्याविषयी, जे सांगतात ते मी सेवेत असताना मला कोणी सांगितले असते तर बरे झाले असते, असे मला मनापासून वाटते. म्हणून हे धाडस करीत आहे.

या पुस्तकांकडे मी कसा वळलो हे सांगणे भाग आहे. सन २०१७ मध्ये माझ्या तिसरीच्या वर्गात एक मुलगा होता. आईबाप ऊसतोडीला जाणारे. दिवाळी झाली की मुकादमाची गाडी येई आणि मुले आईबापांबरोबर कारखान्याच्या हद्दीत जात. गावी हंगामी वसतिगृह होते; पण याच्या पाठी धाकटी बहीण होती आणि तिला सांभाळावयास कोणी नव्हते, म्हणून तोही गेला. जाताना वर्गात हातच्याची वजाबाकी नुकतीच सुरू झाली होती. पट्टा पडल्यावर एप्रिलमध्ये तो परत आला तेव्हा वर्ग भागाकारात होता. मी त्यास भागाकाराच्या पानावर बसविले. तो चुकत गेला आणि मी लाल शाईने फुल्या मारीत गेलो. एकदा फळ्यापाशी उभे केले असता तो अर्धा तास खडू हातात धरून नुसता उभा राहिला. मुले हसली. मी त्यांना दटावले. परंतु खरे सांगावयाचे तर मलाही हसू आले होते आणि ते त्याने पाहिले.

त्याच आठवड्यात देवळाच्या ओट्यावर तो चुलत्याच्या मोबाइलवर एक खेळ खेळताना मला दिसला. पडद्यावरील माणूस पळतो, खड्ड्यावरून उडी मारतो, उडी चुकली की पडतो आणि पुन्हा उभा राहतो. मी मागे उभा राहून मोजले. एकाच खड्ड्यात तो एकोणीस वेळा पडला. विसाव्या वेळी पार झाला आणि मागे वळून पाहतो तो मी उभा! घाबरला. मी म्हटले, "अरे, इतक्या वेळा पडलास, कंटाळा नाही आला?" तो म्हणाला, "हितं पडलं तर कुणी हसत नाय, गुरुजी. अन् जितं सोडलं तितनंच पुन्हा चालू व्हतंय."

त्या दोन वाक्यांनी मी बेचैन झालो. पुढे चौथीच्या हजेरीपटावर त्याचे नाव वर्षभर होते. तो मात्र दिवाळीला गेला तो शाळेत परतला नाही. गेल्या वर्षी बसस्थानकावर भेटला. पाया पडला, माझी पिशवी गाडीत चढवून दिली. आता स्वतः कोयत्यावर जातो. शाळेविषयी त्याने काही काढले नाही आणि मीही काढले नाही.

निवृत्तीनंतर माझ्या मुलीने, ती संगणकाच्या व्यवसायात आहे, मला तीनचार इंग्रजी पुस्तके आणून दिली. शब्दकोश जवळ घेऊन मी ती वाचली. एकेका पुस्तकास दोनदोन महिने लागले. पहिले पुस्तक जेम्स पॉल गी या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाचे. 'व्हॉट व्हिडिओ गेम्स हॅव टु टीच अस अबाउट लर्निंग अँड लिटरसी', म्हणजे शिकण्याविषयी व साक्षरतेविषयी व्हिडिओ गेमने आपणांस काय शिकवावे, असे त्याचे लांबलचक नाव. ते २००३ साली निघाले. गी हे आयुष्यभर भाषा आणि वाचन यांचा अभ्यास करणारे प्राध्यापक. लहान मुलाबरोबर बसून त्याचा खेळ पाहता पाहता त्यांना वाटले की आपणही मोठ्यांचा एखादा खेळ खेळून पाहावा. खेळावयास बसले आणि त्यांची फजिती झाली. इतकी विद्या गाठीशी असूनही काही केल्या जमेना. तेव्हा त्यांच्या मनात असा प्रश्न आला की, ही वस्तू इतकी लांब आणि इतकी अवघड आहे, तरी लोक ती पैसे देऊन विकत घेतात आणि आवडीने शिकतात, हे कसे? शाळेत आपण अवघड गोष्ट सोपी करून, बारीक तुकडे करून देतो आणि तरीही मुले तोंड फिरवितात. खेळ करणाऱ्यांना असे कोणते इंगित सापडले आहे?

त्यांनी या पुस्तकात शिकण्याची छत्तीस तत्त्वे काढली आहेत. ती सर्व सांगून मी आपणांस झोप आणणार नाही. मला लागू पडलेली दोनच सांगतो. पहिले असे की, चांगल्या खेळात चुकण्याची किंमत थोडी असते. पडलास तर जवळच्याच खुणेपासून पुन्हा सुरू कर. म्हणून खेळणारा धाडस करतो, वेगळी वाट चोखाळतो, मुद्दाम चुकूनही पाहतो. आपल्या वर्गात एका चुकीची किंमत किती असते याचा हिशेब आपण कधी केला आहे काय? एक फुली, चाळीस मुलांचे हसू, घरी वहीवर सही आणताना बापाचा हात, आणि हे सारे एका हातच्यासाठी. एवढी किंमत मोजावी लागत असेल तर शहाणे मूल प्रयत्नच करणार नाही. माझा विद्यार्थी फळ्यापाशी गप्प उभा राहिला तो मूर्ख म्हणून नव्हे.

आपल्याच मातीतील खेळांना हे ठाऊक होते. आट्यापाट्या असो, लपंडाव असो, लहानग्याला खेळावयाचे असेल तर मोठी मुले त्यास 'कच्चा लिंबू' म्हणून घेतात. तो धावतो, लपतो, सापडतो, पण त्याच्यावर राज्य येत नाही. खेळता खेळता त्याला खेळ कळतो. मात्र कोणत्याही मुलास कायम कच्चा लिंबू राहावेसे वाटत नाही. एक दिवस तो स्वतःच हट्ट धरतो की आता माझ्यावरही राज्य द्या. आपण कच्च्या मुलांची जी वेगळी रांग करतो तिच्यातून बाहेर येण्याचा असा दिवस पुष्कळदा ठेवलेलाच नसतो, हे या तुलनेत लक्षात घ्यावे.

गी यांचे दुसरे तत्त्व वाचनाविषयी आहे. खेळाबरोबर जी माहितीपुस्तिका मिळते ती खेळण्यापूर्वी वाचली तर तिच्यातील एक अक्षर कळत नाही. काही तास खेळून मग तीच उघडली तर प्रत्येक शब्द बोलू लागतो, कारण त्या शब्दामागे आता काहीतरी घडलेले असते. आपण पाठ्यपुस्तकाचा क्रम नेमका उलटा धरतो. प्रथम व्याख्या, मग उदाहरण, आणि वेळ उरला तर अनुभव. मी वीस वर्षे नकाशाचा पाठ 'दिशा व प्रमाण' या व्याख्यांनी सुरू केला. शाळेच्या पटांगणाचा नकाशा मुलांकडून पावलांनी मोजून काढवून घ्यावा आणि मग पाठ उघडावा, हे मला शेवटच्या दोन वर्षांत सुचले.

रॅफ कॉस्टर यांचे 'अ थिअरी ऑफ फन फॉर गेम डिझाइन' हे पुस्तक मात्र फार सोपे आहे. कॉस्टर हे स्वतः मोठमोठे खेळ रचणारे. १९९७ सालचा 'अल्टिमा ऑनलाइन' हा त्यांच्या हातचा. पुस्तकात एका पानावर मजकूर आणि समोरच्या पानावर त्यांनीच काढलेले व्यंगचित्र, अशी मांडणी आहे. आपली मुले फुल्ली-गोळा खेळत असताना त्यांना एक दिवस कळले की नीट खेळले तर हा डाव नेहमी बरोबरीतच सुटतो, आणि त्या क्षणापासून तो खेळ त्यांना नकोसा झाला, ही गोष्ट ते सांगतात. त्यांचे म्हणणे असे की खेळातील आनंद म्हणजे शिकण्याचाच आनंद. मेंदूला एखादी रचना उलगडत असते तोवर गोडी. ती पुरती उलगडली की कंटाळा. आणि जेथे रचना मुळीच दिसत नाही तेथे नुसता गोंगाट, म्हणून तेथेही कंटाळाच. वर्गात मागच्या बाकावर दोन मुले जांभया देत असतील तर त्यांतील एकास सर्व आधीच येत असेल आणि दुसऱ्यास काहीच कळत नसेल, आणि बाहेरून दोन्ही जांभया सारख्याच दिसतात. माझ्या विद्यार्थ्याला भागाकार हा गोंगाट होता. कारण त्याच्या आधीची पायरी तो कारखान्यावर असताना आम्ही चढून गेलो होतो.

आता ज्या पुस्तकाने मला प्रत्यक्ष काही करावयास लावले त्याकडे वळतो. सीमोर पॅपर्ट यांचे 'माइंडस्टॉर्म्स' हे १९८० साली निघाले. तेव्हा घरोघर संगणक नव्हते. पॅपर्ट हे गणिती. जिनिव्हा येथे प्याजे यांच्याजवळ काही वर्षे काम करून ते अमेरिकेत गेले आणि तेथे १९६७ साली सहकाऱ्यांसह त्यांनी मुलांसाठी 'लोगो' ही संगणकाची भाषा तयार केली. तिच्यात एक कासव असते. त्यास 'इतके पुढे जा', 'इतके वळ' अशा आज्ञा द्यावयाच्या. ते जाईल तशी मागे रेघ उमटते. मूल कासवाकडून चौकोन काढवून घेते, घर काढवून घेते. घर काढताना चौकोनावर छप्पर म्हणून त्रिकोण ठेवावा तर तो भलतीकडेच जाऊन बसतो. येथे पॅपर्ट यांचे मुख्य म्हणणे येते. संगणकाच्या कामात कोणाचेच काम पहिल्या प्रयत्नात बिनचूक होत नाही. तेथे 'बरोबर की चूक' असे न विचारता 'कोठे बिघडले आणि कसे दुरुस्त होईल' असे विचारतात. मुलास ही सवय लागली की स्वतःच्या चुकीकडे ते कुतूहलाने पाहू लागते. शाळा मात्र चूक दिसली की ती पुसून टाकावयास लावते. आमच्या पाट्यांचा ओला बोळा आठवा!

संगणक नसताना हे कसे करावयाचे? पॅपर्ट यांनीच उपाय सांगितला आहे: मुलानेच कासव व्हावे. मी एका ओळखीच्या शाळेत जाऊन हे करून पाहिले. पटांगणात एक मुलगी कासव झाली. तिच्या हाती फक्कीची पुडी दिली, म्हणजे चालेल तेथे रेघ पडेल. बाकीच्यांनी आज्ञा द्यावयाच्या आणि कासवाने आपले डोके न वापरता तंतोतंत पाळावयाच्या, एवढाच नियम. पाच पावले पुढे, काटकोनात उजवीकडे वळ, असे चार वेळा केले आणि चौकोन झाला. मग मी त्रिकोण काढावयास सांगितला, तिन्ही बाजू सारख्या. मुले सातवीची होती. कोन साठ अंशांचा हे त्यांना पाठ. त्यांनी मोठ्या दिमाखाने आज्ञा दिली: पाच पावले, साठ अंश वळ, पाच पावले, साठ अंश वळ. तीन बाजू झाल्या तरी कासव घरी येईना. एकच गोंधळ उडाला. कोणी कासवाला दोष दिला, कोणी कोनमापकाला. मी मुकाट राहिलो. हेच सर्वांत कठीण गेले. "चालू द्या असंच, बघू कुठं जातंय," असे एकाने म्हटले आणि सहाव्या बाजूला कासव परत मूळ जागी आले. त्रिकोण मागितला आणि षट्कोन मिळाला! मग वादावादीतून एका मुलीच्या ध्यानात आले की त्रिकोणाच्या आतला कोन साठ अंशांचा असला तरी चालणाऱ्याला वळावे लागते ते बाहेरच्या कोनाइतके, म्हणजे एकशेवीस अंश. बहिर्कोनाचा हा सिद्धान्त मी तीस वर्षे फळ्यावर सिद्ध करीत आलो. पण चुकीच्या षट्कोनातून तो जसा निघाला तसा माझ्या सिद्धतेतून कधी निघाला नाही. त्या वेळी लाल शाई असती तर पहिल्या साठ अंशांवरच फुली पडली असती आणि षट्कोन कोणी पाहिलाच नसता.

हे खेळ फक्त मोठ्या कंपन्याच करू शकतात असे कोणी म्हणेल. म्हणून एका खेळाच्या जन्माची हकिकत सांगतो. सन १९७१ मध्ये अमेरिकेतील मिनिआपोलिस शहरात डॉन रॅविच नावाचा शिकाऊ शिक्षक आठवीच्या वर्गाला इतिहास शिकवीत होता. आपल्याकडील छात्राध्यापकच म्हणा ना. विषय होता एकोणिसाव्या शतकात बैलगाड्यांचे तांडे घेऊन लोक सुमारे दोन हजार मैलांचा प्रवास करून पश्चिमेस ऑरेगनकडे गेले त्याचा. मुलांसाठी तो खोलीत बसून नकाशावर फाशांनी खेळावयाचा खेळ तयार करीत होता. त्याच्या खोलीत राहणारे बिल हाइनमन आणि पॉल डिलनबर्गर हे दोघे गणिताचे शिकाऊ शिक्षक. त्यांनी पाहिले आणि म्हटले, हे तर संगणकावर करता येईल. तिघांनी दोन आठवड्यांत तो खेळ लिहिला. शाळेत पडदा नव्हता. टंकयंत्रासारखे एक यंत्र, ते दूरध्वनीच्या तारेने दूरच्या संगणकाशी जोडलेले, आणि उत्तरे कागदाच्या गुंडाळीवर छापून येत. हाती ठराविक रक्कम. तीत बैल किती, धान्य किती, कपडे किती, दारूगोळा किती हे आधी ठरवावयाचे. वाटेत आजार, चाक मोडणे, थंडी. चुकीचा हिशेब केला तर तांडा पोचत नाही.

३ डिसेंबर १९७१ रोजी वर्गात तो प्रथम खेळला गेला. सबंध वर्गाला यंत्र एकच, म्हणून मुलांनी आपसांत कामे वाटून घेतली: एकाने नकाशा सांभाळावा, एकाने पैशांचा हिशेब, ज्याची बोटे जलद त्याने शिकारीच्या वेळी टंकन करावे, आणि निर्णय मतांनी घ्यावा. हे काही शिक्षकाने योजलेले नव्हते. साधने अपुरी असल्यामुळेच ते घडले, हे आपल्यासारख्यांनी ध्यानात घेण्याजोगे आहे. सत्र संपल्यावर तो खेळ संगणकावरून पुसला गेला. रॅविचने छापील गुंडाळी मात्र जपून ठेवली. १९७४ साली मिनेसोटा राज्याच्या शैक्षणिक संगणक संस्थेत नोकरी लागल्यावर त्याने ती पुन्हा टंकलिखित केली, आणि प्रवाशांच्या जुन्या दैनंदिन्या वाचून वाटेवरील संकटे किती वेळा यावीत याचे प्रमाण सुधारले. 'ऑरेगन ट्रेल' या नावाने पुढे अमेरिकेच्या कित्येक पिढ्यांनी तो शाळेत खेळला. त्यात दोष नाही असे नाही. ज्यांच्या भूमीवरून ते तांडे गेले त्या मूळ रहिवाशांच्या बाजूने ती कथा सांगितलेली नाही, असा आक्षेप पुढे घेतला गेला आणि तो रास्त आहे. खेळसुद्धा इतिहासाचे पुस्तक असते आणि पुस्तकासारखाच एकांगी असू शकतो.

जेसी शेल यांचे 'दि आर्ट ऑफ गेम डिझाइन' हे २००८ सालचे पुस्तक फार जाडजूड आहे आणि बराचसा भाग आपल्या कामाचा नाही. परंतु खेळ रचणाऱ्याला सर्वांत महत्त्वाचे कौशल्य कोणते, असा प्रश्न विचारून त्यांनी दिलेले उत्तर मी वहीत उतरून घेतले आहे. ते चित्रकला म्हणत नाहीत, गणितही म्हणत नाहीत. ऐकणे, असे म्हणतात. खेळ अर्धवट तयार झाला की तो प्रत्यक्ष खेळणाऱ्यापुढे ठेवावयाचा आणि कोठे तो अडखळतो ते पाहावयाचे. खेळणारा एका जागी वारंवार अडला तर रचणारा खेळणाऱ्याला मूर्ख ठरवीत नाही. ती जागा पुन्हा बांधतो. आपल्याकडे अर्धा वर्ग एकाच उदाहरणात चुकला तर आपण मुख्याध्यापकांना काय सांगतो, हे आपले आपण आठवावे.

येथवर ऐकून कोणी उद्या वर्गात गुण, तारे, बिल्ले आणि पहिल्या दहांची यादी असा खेळ मांडील, अशी मला धास्ती आहे. तसे करू नये. अमेरिकेत १९७३ साली लेपर, ग्रीन आणि निस्बेट यांनी बालवाडीतील मुलांवर एक प्रयोग केला. ज्यांना स्केचपेनने चित्रे काढणे आधीच आवडत होते अशी मुले घेतली. काहींना आधी सांगितले की चित्र काढल्यास रिबन लावलेले प्रशस्तिपत्र मिळेल; काहींना न सांगता नंतर दिले; काहींना काहीच दिले नाही. पुढे काही दिवसांनी, कोणतेही बक्षीस नसताना, आधी आमिष दाखविलेली मुले इतरांच्या सुमारे निम्माच वेळ चित्रे काढीत बसली. आवडीचे काम मोलमजुरीचे झाले. बिल्ला हा खेळाचा बाहेरचा पोशाख आहे; कॉस्टर किंवा गी ज्याविषयी लिहितात ते त्याच्या आत असते.

आणि आता पालकांच्या तक्रारीतील खरा भाग. नताशा डाऊ शूल या मानवशास्त्रज्ञ बाईंनी लास व्हेगस येथील जुगाराच्या यंत्रांवर अनेक वर्षे संशोधन करून २०१२ साली 'अ‍ॅडिक्शन बाय डिझाइन' हे पुस्तक लिहिले. यंत्रापुढे तासन् तास बसणाऱ्या माणसांनी त्यांना सांगितले की आम्ही जिंकण्यासाठी खेळतच नाही; खेळत राहता यावे एवढ्यासाठी खेळतो. खुर्ची, प्रकाश, आवाज, डाव संपण्यापूर्वीच दुसरा सुरू होण्याची गती, सर्व काही माणूस उठू नये अशा बेताने रचलेले. मोबाइलवरील पुष्कळ फुकट खेळांत हीच विद्या वापरलेली दिसते. खेळणाऱ्याला बारकाईने पाहण्याचे जे कौशल्य शेल सांगतात तेच येथे उलट्या हेतूने चालते. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली खेळाच्या अनावर आसक्तीस आजारांच्या यादीत स्थान दिले आणि ती यादी २०२२ पासून लागू झाली. पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर आपल्या संसदेने २०२५ साली कायद्याने बंदी घातली. गावात तरुण मुले यापायी कशी कर्जबाजारी झाली हे आपण पाहिले आहे. मी अधिक बोलत नाही.

म्हणून पालकांनी विचारले की 'गुरुजी, हा खेळ चांगला की वाईट', तर मी त्यांना दोन प्रश्न परत विचारतो. मूल हा खेळ मधेच ठेवून जेवावयास उठू शकते का? आणि आठ दिवसांनी परत आले तर खेळ त्यास तोटा न करता आहे तेथून घेतो का? जो खेळ 'आज आला नाहीस तर तुझे मिळविलेले जाईल' असे धमकावतो तो खेळ मी घरात ठेवणार नाही.

हे दोन प्रश्न मी पुढे स्वतःच्या शाळेलाही विचारले. पहिल्याचे उत्तर देण्याची वेळ आमच्यावर कधी आली नाही. आमच्या वर्गातून उठून जाणे मुलांना फारसे जड जात नाही! दुसऱ्या प्रश्नावर मात्र मी अडलो. सहा महिन्यांनी परतणाऱ्या मुलाला आमची शाळा आहे तेथून घेत नव्हती. शासनाने २०२३ साली पाचवी व आठवीच्या वार्षिक परीक्षेचा आणि नापासांसाठी पुनर्परीक्षेचा नियम केला आहे. पुनर्परीक्षा ही दुसरी संधी खरी, पण सुटलेली पायरी ती बांधून देत नाही. ती बांधण्याचे काम आपलेच राहते.

निवृत्तीपूर्वीच्या हंगामात, २०१९ साली, मी एक लहानशी गोष्ट केली. माझ्या वर्गातील तीन मुले ऊसतोडीला निघाली तेव्हा प्रत्येकाच्या वहीत, जेथे अभ्यास थांबला त्या पानावर, मी एक जाड आडवी रेघ मारली आणि त्याखाली लिहिले: 'येथपर्यंत येते. परत आल्यावर येथून.' तारीख घातली, सही केली. स्वतःच्या टाचणवहीतही तेच लिहिले. मुले लवकरच, टाळेबंदीमुळे अपेक्षेपेक्षा वेगळ्याच परिस्थितीत, गावी परतली. शाळा बंद होती; पण मारुतीच्या पारावर अंतर राखून बसवून मी त्या रेघेपासून सुरुवात केली. शिळा पाठ म्हणून कोणी हसण्याचा प्रश्नच नव्हता, कारण इतर मुलेही घरीच होती. तिघांपैकी दोघी मुली पुढे टिकल्या. एक आता माध्यमिक शाळेत जाते हे मला ठाऊक आहे. तिसऱ्याचे जमले नाही. त्याची वहीच हरवली होती आणि कुटुंब पुढील हंगामात दुसऱ्या जिल्ह्यात राहिले. वहीऐवजी ही नोंद मुलाबरोबर जाणाऱ्या एखाद्या टिकाऊ पत्रिकेवर करावी आणि कारखान्याच्या गावातील शिक्षकानेही तीवर पुढची रेघ मारावी, अशी सूचना मी या परिषदेपुढे लेखी ठेवीत आहे. अध्यक्षमहाराजांनी ती दुपारच्या चर्चेत घ्यावी.

मी स्वतः खेळ खेळून पाहिला का, असे सकाळी एका तरुण शिक्षकाने विचारले. पाहिला. नातवाने शिकविला. मी पहिल्याच खड्ड्यात इतक्या वेळा पडलो की मोजणे सोडून दिले. नातू म्हणाला, "आजोबा, तुम्ही खड्डा यायच्या आधीच घाबरून उडी मारता." अद्याप पलीकडे गेलेलो नाही.

वर सांगितलेल्यांपैकी गी, कॉस्टर आणि पॅपर्ट यांची पुस्तके मी केंद्रशाळेच्या कपाटात ठेवून जात आहे. समासात मराठी अर्थ पेन्सिलीने लिहिले आहेत. काही चुकीचे असतील. ज्यांना चुका आढळतील त्यांनी मूळ न पुसता शेजारी दुरुस्ती लिहावी. पॅपर्टच्या पुस्तकात पटांगणातील त्या षट्कोनाची आकृती ठेवली आहे. ती वर्गात लावावयास न्यावी, मात्र परत आणून ठेवावी.